शेवटची होडी मोजत नाहीत

माझी ताई शेपूट होती. टिंगल करायला म्हणून सांगत नाही, आमच्या धंद्यात तो हुद्दाच आहे. पाहुण्यांना सकाळी जंगलातून चालवत नेणारा आणि दुपारी खारफुटीतून कयाकने, म्हणजे एकट्याच्या वल्ह्याच्या होडीने, परत आणणारा वाटाड्या सगळ्यांच्या पुढे असतो. सगळ्यांच्या मागे जो असतो त्याला आम्ही शेपूट म्हणतो. वाटाड्या बोलतो, झाडांची नावं सांगतो, फोटोत येतो. शेपूट पडलेल्या टोप्या उचलतं.

वाटाड्या म्हणजे माझे दाजी. ताई त्यांच्या मागे एकोणीस वर्षं होती. मी शेडवर. लाइफ जॅकेटं धुवायची, वाळवायची, आकड्यांप्रमाणे खुंटीला लावायची, वल्ही पुसायची आणि फेरीचा कागद भरायचा, हे माझं काम. कागदावर दोन चौकोन असतात, एकात 'गेले', दुसऱ्यात 'आले'. खाली माझी सही. हे काम कुणालाही जमेल असं आमचे मालक, साहेब, माझ्या तोंडावर म्हणायचे, आणि मी दात काढायचो. आता नाही काढत.

आम्ही चौघं एका घरात राहायचो. ताई, दाजी, आई आणि मी. ताईला मूलबाळ नव्हतं. असतं तर मी इतकी वर्षं बहिणीच्या घरी पाय पसरून राहिलो नसतो, हे मला कळतं. आईची उजवी बाजू सहा वर्षांपूर्वी गेली. तेव्हापासून ती खिडकीजवळच्या खाटेवर आहे. संध्याकाळी सहाला तिला कुशीवर वळवायचं, पाठ पुसायची, गोळ्या द्यायच्या. गोळ्यांच्या पट्ट्या पाच, आणि त्यांतल्या तीन दिसायला सारख्या. ताई नाकावर चष्मा चढवून प्रत्येक पट्टीवरचं बारीक नाव वाचायची, एकदा नाही, दोनदा. मी एकदा म्हणालो, "अगं, रोज त्याच तर गोळ्या आहेत." तर म्हणाली, "तू जॅकेटं रोज मोजतोस ना? मग?"

जंगल तिला दाजींपेक्षा जास्त कळायचं, हे दाजीही कबूल करायचे, पण घरात. बाहेर नाही. कोणत्या दगडावर शेवाळं कधी धरतं, कोणत्या मुळाशी गांधीलमाशा आहेत, पाऊस पडून गेल्यावर जळवा कुठल्या वळणापासून सुरू होतात, हे सगळं तिला पाठ. कमरेच्या पिशवीत मीठ, सुई, सुती पट्टी आणि खोबरेल तेलाची बाटली. कुणाच्या पोटरीला जळू लागली की पाहुणा बेंबीच्या देठापासून ओरडायचा आणि ताई खाली बसून शांतपणे म्हणायची, "काही नाही, ती पण उपाशी आहे." लोक हसायचे. हसता हसता जळू निघालेली असायची.

मग तिला वाटाड्याचा परवाना का नव्हता? त्याचं उत्तर एका वाक्याचं आहे. आठ पाहुण्यांमागे एक वाटाड्या पुरे, असं साहेबांचं गणित होतं. दाजी म्हणाले, मागे माणूस नसेल तर मी खाडीत जाणार नाही. साहेब म्हणाले, न्या तुमच्या बायकोला, माझी काही हरकत नाही. तशी ती गेली, एकोणीस वर्षं. हजेरीपटावर ती शेडची झाडलोट करणारी होती. फेरीच्या कागदावर ती कुठेच नव्हती, कारण कागदावर पाहुणे आणि वाटाड्या एवढेच रकाने.

आता त्यांची मोजायची रीत सांगतो, कारण सगळं तिथेच आहे.

खारफुटीत पाण्याच्या वाटा अरुंद असतात. आम्ही त्यांना गल्ल्या म्हणतो. दोन्हीकडून मुळं पाण्यात उतरलेली, वरून फांद्या मिटलेल्या. वळणं इतकी की पुढच्या माणसाला मागच्या तीन होड्या दिसल्या तरी पुष्कळ. म्हणून शिट्टी. प्रत्येक मोठ्या वळणावर दाजी एक लांब शिट्टी वाजवायचे. म्हणजे, सगळे आहेत का? मागून ताईच्या दोन आखूड शिट्ट्या यायच्या. आहेत, चला. दाजींची शिट्टी स्टीलची, ताईची नारिंगी प्लॅस्टिकची, काळ्या गोफात ओवलेली. पूर्वी जॅकेटांनाही शिट्ट्या होत्या. पाहुण्यांची पोरं त्या उगाच वाजवतात आणि पक्षी उडून जातात, म्हणून साहेबांनी काढून घेतल्या. त्या अजून माझ्याकडे एका डब्यात पडून आहेत, एकशे बारा.

धक्क्याला लागलं की दाजी एकेकाला हात देऊन वर घेत आणि मोठ्याने मोजत. शेवटी स्वतःच्या छातीवर थाप मारून म्हणत, "सात, आणि आठवा मी!" पाहुणे टाळ्या वाजवत. मी आकडा लिहीत असे. ताई त्यात नसायची, कारण ती धक्क्याला यायचीच नाही. शेवटच्या वळणावर ती डावीकडे वळायची, आमच्या घरामागच्या लहानशा काठाला होडी लावायची, तिथेच धुवायची आणि ओल्या पायांनी आईपाशी जायची. सकाळी तीच होडी वल्हवत धक्क्यावर आणायची. तिचं जॅकेटही तिच्याजवळच. माझ्या खुंट्यांवर तिच्यासाठी खुंटी नव्हती. शेवटची होडी आम्ही कुणी मोजत नव्हतो. तिने आम्हाला मोजायचं, असा तो रिवाज. कुणी ठरवलेला नव्हता, पडत गेला.

त्या दिवशी सात पाहुणे होते. सकाळी जंगलातली चाल ठीक झाली. जंगल उतरून खाडीला मिळतं तिथे लाकडी फळ्यांचा ओटा आहे. तिथे डबे खायचे, बूट बदलायचे आणि सकाळच्या भरतीला ओढून आणून ठेवलेल्या होड्यांत बसायचं. एक निळ्या टोपीवाला पाहुणा होता, साठीचा, गोड बोलणारा. बूट बदलताना तो अनवाणी फिरला आणि फळीची लांब कूस तळव्यात घुसवून बसला. ताईने चष्मा लावला, सुई काढली आणि ती कूस काढायला अर्धा तास घालवला, कारण तो माणूस दर मिनिटाला पाय ओढून घेत होता. दाजी पाण्याकडे बघत येरझाऱ्या घालत होते. ओहोटी सुरू झाली होती. चारच्या आत उथळ वळण पार केलं नाही तर होड्या चिखलात बसतात आणि मग पाणी परत चढेपर्यंत माणसांनी तिथेच बसून राहायचं.

निघाले घाईने. पहिल्या वळणावर लांब शिट्टी, दोन आखूड. ठीक. त्यानंतर ताईच्या लक्षात आलं की चष्मा ओट्यावरच राहिला.

हे मला त्या निळ्या टोपीवाल्याने नंतर सांगितलं, रडत रडत. त्याची होडी तिच्या लगेच पुढे होती. म्हणाला, बाईंनी कपाळावर हात मारला आणि आपल्याशीच हसल्या. मी म्हटलं, थांबवू का सगळ्यांना? तर म्हणाल्या, "नको हो, माझ्या चष्म्यासाठी कशाला? पाणी उतरतंय." मग गळ्यातली शिट्टी काढून माझ्या हातात दिली. "पुढून एक लांब वाजली की तुम्ही दोन आखूड वाजवा. नाहीतर आमचे हे थांबून राहतील आणि तुम्ही सगळे अडकाल. मी आलेच मागून."

दुसऱ्या कुणाची साधी टोपी पाण्यात पडली असती तरी तिने अख्खी रांग थांबवली असती. मी शंभरदा पाहिलंय. एकदा एका पोरीच्या केसांच्या क्लिपसाठी थांबवली होती. स्वतःच्या वस्तूसाठी थांबवणं तिच्या डोक्यातच आलं नाही. चष्म्याशिवाय गोळ्या वाचता येत नाहीत आणि माझ्यावर तिचा विश्वास नव्हता, म्हणून ती एकटी मागे फिरली. मला तिचा राग येतो. मेलेल्या माणसाचा राग येऊ नये म्हणतात, पण मला येतो. तीन सारख्या पट्ट्या मला ओळखता येत नव्हत्या असं तिला वाटायचं आणि तिचं खरं होतं, म्हणून जास्तच येतो.

त्या माणसाने शिट्टी इमानदारीने वाजवली. दुसऱ्या वळणावर, उथळ वळणावर, शेवटच्या वळणावर. दोन आखूड, दोन आखूड, दोन आखूड. दाजींना सगळे आहेत असं कळत गेलं.

पावणेचारला ते धक्क्याला लागले. "सात, आणि आठवा मी!" टाळ्या. मी लिहिलं: गेले आठ, आले आठ. निळ्या टोपीवाल्याने लंगडत येऊन जॅकेट दिलं आणि शिट्टी माझ्या हातावर ठेवली. म्हणाला, "ही बाईंची. त्या मागून येतायत."

"हो, येईल ती," मी म्हणालो.

मागून येतायत. ती रोजच मागून यायची. त्या वाक्यात दचकण्यासारखं काय होतं? मी आजही ते वाक्य मनात उलटसुलट करून बघतो आणि मला काही सापडत नाही. पण शिट्टी? ताईच्या गळ्यातून ती शिट्टी मी कधी निघालेली पाहिली नव्हती. आंघोळीला जाताना ती दाराच्या कडीला अडकवायची, बस. ती माझ्या तळहातावर होती, ओली, गोफासकट, आणि मी ती खिशात टाकली. कारण पाहुण्यांची गाडी वर उभी होती, दुसऱ्या दिवशी बावीस जणांचा जथा यायचा होता, आणि सात नंबरच्या जॅकेटचा बक्कल तुटला होता. मी बक्कल दुरुस्त करत बसलो. दाजी पाहुण्यांना गाडीपर्यंत सोडून तसेच साहेबांकडे उद्याचं ठरवायला गेले. साडेपाचला मी शेडला कुलूप लावलं.

घरी आलो तर आई हाका मारत होती. सहा वाजून गेले होते. "ती कुठाय? माझी पाठ भाजतेय नुसती."

"होडी धूत असेल," मी म्हणालो आणि मागच्या काठावर गेलो. काठ कोरडा. होडी नाही. खाडीच नव्हती म्हणा, नुसता काळा चिखल आणि मधून एक पाण्याची रेघ. खिशात हात घातला तर शिट्टी लागली. मी तसाच दाजींच्या शोधात धावत सुटलो.

दाजींना गाठलं तेव्हा ते चहा पीत होते. मी शिट्टी पुढे धरली. आधी त्यांना कळलंच नाही. "अरे, मागून येत असेल..." एवढं म्हणाले आणि मग कप बशीत ठेवायला गेले तो खालीच पडला. "मग मला उत्तर कोण देत होतं?" त्यांनी विचारलं. तो आवाज मी विसरू शकत नाही.

आम्ही धक्क्यावर धावलो. बाकीचे तीन वाटाडेही आले. पण जायचं कशाने? गल्ल्यांत पाणी नव्हतं. होडी घातली तर धक्क्यापासून पन्नास हातांवर बसली असती. दाजी तसेच चिखलात उतरले. दहा पावलांत मांड्यांपर्यंत गेले, तरी पुढे रेटत होते. दोघांनी दोर टाकून त्यांना ओढून काढलं, तेव्हा ते आम्हाला शिव्या देत होते. त्यांनी आयुष्यात मला अरे म्हणण्यापलीकडे काही म्हटलेलं नाही.

सगळ्यांत वयस्कर वाटाड्या म्हणाला, "ती होडीत बसून असेल. तिला काय आपण शिकवायचं? पाणी गेलं की होडीतच बसायचं, हे तिनेच आमच्या पोरांना शिकवलं. पाणी चढू दे, जाऊ." ते ऐकून दाजी जरा सावरले. "बसली असेल," ते म्हणाले. "मला लाखोली वाहत बसली असेल. आज घरी गेल्यावर माझं काही खरं नाही." आणि ते हसले. मीही हसलो. खरं सांगतो, त्या धक्क्यावर आम्ही हसलो.

मग आम्ही पाण्याची वाट बघत बसलो. मघाशी चिखलात बघितलेली एक काठी होती. पाणी तिच्या बुडाला आलं का, वर चढलं का, हे मी सारखा बघत होतो. लवकर ये, लवकर ये, असं मी त्या पाण्याला म्हणत होतो. हात जोडून म्हणत होतो. मधूनमधून दाजी उभे राहून एक लांब शिट्टी वाजवायचे आणि सगळ्यांना गप्प करून कान द्यायचे. दोन आखूड शिट्ट्यांचं उत्तर ज्यातून यायचं ती शिट्टी माझ्या खिशात होती.

साडेसातला होड्या तरंगल्या. आठच्या सुमाराला आम्हाला तिची होडी दिसली, ओट्याच्या थोडी अलीकडे, मोकळी, पाण्यावर हलत. वल्हं आत नीट आडवं ठेवलेलं. पाणी न शिरणाऱ्या डबीत रुमालात गुंडाळलेला चष्मा. ती ओट्यापर्यंत जाऊन चष्मा घेऊन परत निघाली होती.

पुढचं मी लांबवत नाही. ती सकाळच्या ओहोटीला सापडली, होडीपासून तीसेक पावलांवर. छातीपर्यंत चिखलात, दोन्ही हातांनी एक मूळ कवटाळलेलं. कसं झालं असेल ते कुणीच पाहिलेलं नाही. मला वाटतं, होडी बसली आणि ती ढकलायला खाली उतरली. दुसऱ्यांच्या होड्या ती रोज ढकलायची, दिवसातून दहादा. वजन कमी झाल्यावर होडी निसटून पुढे घसरली असेल आणि हाती काही राहिलं नसेल. होडीत बसून राहा, हे ती सगळ्यांना शिकवायची. पण सहाला आईला वळवायचं होतं ना. ती ओरडली असेल. माणसाचा आवाज त्या झाडीत दोन वळणं जात नाही. शिट्टी जाते. शिट्टी धक्क्यापर्यंत येते, ती तेवढ्यासाठीच असते. पावणेचारपासून ती माझ्याजवळ होती आणि मी बक्कल शिवत होतो. आणि नंतर ज्या पाण्याला मी हात जोडून लवकर ये म्हणत होतो, ते तिच्याकडेही त्याच वेगाने येत होतं.

दहा दिवसांनी परवाने देणाऱ्या कचेरीतून एक अधिकारी चौकशीला आला. माणूस वाईट नव्हता, उन्हाने दमला होता. साहेबांनी त्याच्यापुढे फेरीचा कागद ठेवला आणि खुर्चीत मागे टेकले. त्याने चष्मा वरखाली करून कागद दोनदा वाचला.

"गेले आठ, आले आठ. ही सही कुणाची?"

"माझी."

"मग हरवलं कोण?"

मी म्हणालो, "माझी ताई."

"तिचं नाव कुठाय यात?"

मी शिट्टी काढून टेबलावर ठेवली. दुसरं माझ्याकडे होतं काय? एकोणीस वर्षं मागे चालली, मी अधिकाऱ्याला म्हणालो, पाहिजे तर पाहुण्यांना विचारा, वाटाड्यांना विचारा, या कागदावर नऊ लिहू द्या मला. साहेब म्हणाले, सही झालेल्या कागदात खाडाखोड चालत नाही. अधिकाऱ्याने शिट्टी हळूच माझ्याकडे सरकवली. अहवालात त्याने लिहिलं, स्वतःच्या खाजगी कामासाठी खाडीत गेलेली महिला. ते मला वाचून दाखवलं तेव्हा दाजी बाजूलाच उभे होते. बाहेर आल्यावर म्हणाले, "खाजगीच काम होतं की. चष्मा तिचाच होता." त्यानंतर ते खाडीवर गेले नाहीत. गळ्यातली स्टीलची शिट्टी त्यांनी माझ्या डब्यात टाकली. आता ते दिवसभर ओसरीत बसतात आणि कुणी आलं की उठून आत जातात.

त्यांच्या जागी नवीन वाटाड्या आलाय. मागे कुणी नसतं. मी फेरीच्या कागदावर पेनाने तिसरा रकाना आखला होता, 'शेपूट'. साहेबांनी कागद बदलून घेतला. शेडमध्ये मी एक जादा खुंटी ठोकली आणि ताईचं जॅकेट तिथे लावलं. तेवढं त्यांच्या नजरेला अजून पडलेलं नाही.

आईला आता मी वळवतो. गोळ्या मीच देतो, ताईचा चष्मा लावून. माझ्या डोळ्यांना तो लागत नाही, अक्षरं उलट पुसट दिसतात, तरी लावतो आणि पट्टी दोनदा वाचतो. आईला आम्ही सांगितलं होतं. ती ऊर फुटेस्तोवर रडली, आणि दुसऱ्या दिवशी सहाला पुन्हा हाक मारली. तिच्या डोक्यात काही टिकत नाही आता. दुसऱ्यांदा सांगितलं, तेव्हाही ती पहिल्यांदाच ऐकल्यासारखी रडली. तिसऱ्या दिवशी माझी छाती झाली नाही.

आता रोज सहाला ती खिडकीकडे मान वळवते आणि विचारते, "आली का रे ती?"

मी तिची पाठ पुसत राहतो आणि म्हणतो, "मागून येतेय."